साडेचार फूट

पेटी दिल्लीहून यायची, वकिलातीच्या शिक्क्याची,
आत चिठ्ठी : मंगळवारी परत निघालीच पाहिजे.
मी तेव्हा चौदाचा. माझं काम उलटं,
संपलेलं रीळ पुन्हा सुरुवातीला आणून ठेवायचं.

नदीकडच्या शाळेचा हॉल. भिंतीवर
पानशेतच्या पाण्याची रेघ, दोनदा चुना मारूनही न गेलेली.
रेघेच्या वर पडदा, खाली आम्ही,
साठ-सत्तर माणसं घडीच्या खुर्च्यांवर,
रविवारी सकाळी नऊला, खिडक्यांना काळं कापड.

चित्रपट फ्रेंच, खाली अक्षरं नाहीत.
म्हणून पडद्याच्या डाव्या अंगाला आवळसकर बाई,
हातात विजेरी, विजेरीला पतंगाचा लाल कागद.
ते बोलत, मग बाई बोलत, एका श्वासाइतक्या मागून.
म्हातारा खेकसला की बाईही खेकसत,
आणि नायिका रुसली तर ती थेट
सदाशिव पेठेतली वाटे.

आधी त्यांनी सांगितलं :
हा त्रेचाळीस सालचा. पॅरिसात जर्मन होते.
बातमीपट लागला की थिएटरातले दिवे अर्धे चालू ठेवत,
कोण शीळ घालतं, कोण पाय आपटतं, ते दिसावं म्हणून.
कच्ची फिल्म मोजून मिळे. वीज येई तेव्हाच शूटिंग.
"आणि गोष्ट शंभर वर्षांपूर्वीची," बाई म्हणाल्या,
"आजची गोष्ट सांगायची सोय नव्हती ना."
मागून कोणीतरी चहा कधी आहे ते विचारलं.

कालव्यावरचं फाटक. फाटकवाल्याची मुलगी.
रात्री एक भिजलेला माणूस, पलीकडे सोडा म्हणतो.
ती कंदील खाली ठेवते, त्याच्याकडे न बघता
काहीतरी बोलते. तीन सेकंद.

बाई बोलल्या नाहीत.

आम्ही वाट पाहिली. विजेरी विझलेली.
मुलीनं फाटकाचं चाक फिरवलं, पाणी वाजलं,
माणूस गेला. पुढच्या दृश्यात कोंबड्या होत्या,
तिथून बाई पुन्हा सुरू झाल्या,
आवाज तोच, जरा जास्तच स्वच्छ.

वर भालेघरे कार्बनची कांडी पुढं सरकवत होते.
मी विचारलं, विसरल्या का हो बाई?
ते म्हणाले, बेचाळीसला यांच्या माळ्यावर
एक मुलगा चार रात्री होता. पाचव्या दिवशी पोलीस आले.
यांना सोळावं. विचारलं, तर सांगून बसल्या.
नाव काय त्याचं? मी म्हणालो.
भालेघऱ्यांनी माझ्याकडे पाहिलं,
आणि कांडी सरकवली, खरं तर गरज नसताना.
त्या दिवशी 'समाप्त' आल्यावर
त्यांनी दिवे लावायला फार वेळ लावला.
खुर्च्या करकरल्या. कोणी काही बोललं नाही.

पुढं मी रिळं तपासायच्या नोकरीला लागलो,
टेकडीच्या पायथ्याशी, थंड खोल्यांत,
हातात सुती मोजे, नाकात आंबूस वास.
संध्याकाळी रानडेमध्ये फ्रेंच. शिकवायला बाईच.
क्रियापदं घोटून घेतली, पण त्या फाटकाचा विषय
त्यांनी काढला नाही. मीही नाही.

बाई गेल्या त्या वर्षी एक प्रत आली,
कडा आकसलेल्या, तिसऱ्या रिळाला जुने सांधे.
टेबलावर दिवा लावून मी ती जागा शोधली.
आवाज म्हणजे कडेची एक थरथरती पांढरी रेघ.
पट्टीनं मोजली. बहात्तर चौकटी, साडेचार फूट,
बाईंच्या उंचीहून वीतभर कमी.
मग यंत्रावर चढवून ऐकलं :
*नाव सांगू नका.
मला माहीतच नसलं
तर माझ्याकडून कोण काढून घेणार?*

वाक्य सोपं आहे. पहिल्या वर्षाच्या मुलालाही यावं.

आता अक्षरं लावायचं काम माझ्याकडे आलंय.
सगळी लावली, कोंबड्यांना हाकलते तेसुद्धा.
तिथं मोकळं सोडलं.
परवाच्या खेळाला एक पोरगी येऊन म्हणाली,
काका, तुमची एक ओळ गळलीय.
हो, म्हटलं. बघतो.

आणि हे लिहिताना भालेघऱ्यांचं नाव बदललंय,
बाईंचंही.
त्या मुलाचं बदलावं लागलं नाही.